पणजोबांच्या पेटीतला 'ब्लॉक' आणि विश्वेश्वरय्या

टेलकरी:

नमस्कार मंडळी. बऱ्याच दिवसांनी लिहितोय, जरा लांबेल, सांभाळून घ्या.

दिवाळीत गावी माळ्यावरची पत्र्याची पेटी खाली काढली. आमचं गाव नीरा डाव्या कालव्याच्या शेवटाकडे, इंदापूरच्या बाजूला. म्हणजे टेलला. पेटीत पणजोबांची कागदपत्रं निघाली, वाळवीनं कडा खाल्लेली. त्यात पाणीपट्टीची एक जुनी पावती. वर मोडीत दोन ओळी, खाली देवनागरीत 'ब्लॉक' असा शब्द, पुढं क्षेत्र ३ एकर आणि त्याच्या शेजारी 'पैकी ऊस १ एकर'. आजी सांगायची, "आपल्याला ब्लॉकाचं पाणी होतं." हा शब्द आमच्याकडं इतका मुरलाय की तो इंग्रजी आहे हेच कधी डोक्यात आलं नाही. ब्लॉक म्हणजे ब्लॉक, जसा पाट तसा ब्लॉक.

हा ब्लॉक कुणी काढला म्हणून शोधायला लागलो आणि थेट विश्वेश्वरय्यांपर्यंत पोहोचलो. १५ सप्टेंबरला अभियंता दिनी ज्यांच्या फोटोला हार घालतात, तेच. आपण त्यांना म्हैसूरचे दिवाण म्हणून ओळखतो, आणि ते खरंच आहे. पण १८८४ ते १९०८ अशी जवळजवळ २४ वर्षं हा माणूस मुंबई इलाख्याच्या बांधकाम खात्यात होता. शिकला पुण्यात. म्हैसूर सरकारची शिष्यवृत्ती घेऊन सायन्स कॉलेजात, म्हणजे आजच्या सीओईपी या इंजिनिअरिंग कॉलेजात आला आणि १८८३ला मुंबई विद्यापीठाच्या परीक्षेत पहिला आला. पहिली नेमणूक नाशिक विभागात.

आता ब्लॉकाबद्दल. नीरा कालवा १८८५च्या सुमाराला सुरू झाला. पाणी आलं, पण पट्टी होती एकरावर. एकदा पट्टी भरली की पाणी किती घेतलं ते कुणी बघत नव्हतं. मग वरचा शेतकरी रात्रंदिवस पाट सोडून ठेवणार, उसाला गरज नसताना देणार. वरच्या अंगाला जमीन चोपण म्हणजे खारवट, पाणथळ, घरोघरी हिवताप. आणि खाली टेलला कोरडं. १८९९ला विश्वेश्वरय्या कार्यकारी अभियंता म्हणून पुण्यात आले तेव्हा हे चित्र होतं.

त्यांनी केलं ते असं. पाणी एकाच भागात न मुरवता कालव्याखालच्या गावागावांत वाटायचं. गावातली चांगली जमीन निवडून तिचे गट पाडायचे, तो ब्लॉक. गटाला ठराविक पाणी, ते मोजून द्यायचं. आणि ब्लॉकात सगळाच ऊस लावायचा नाही. साधारण एक तृतीयांश ऊस, बाकी कमी पाण्याची पिकं, दर वर्षी फेर बदलून. जमिनीला विसावा, पाण्याला हिशेब. बदल्यात शेतकऱ्याला काही वर्षांची पाण्याची हमी.

३ एकर, पैकी ऊस १ एकर. पणजोबांच्या पावतीवर तोच हिशेब!

ती पावती हातात धरून मी ओट्यावर किती वेळ बसलो होतो कुणास ठाऊक. मी टेलचा माणूस आहे. पाणी मोजून वाटलं नाही तर आमच्यापर्यंत येतच नाही, हे मला कुणी शिकवावं लागत नाही. त्यामुळं मला या माणसाबद्दल फार आतून वाटतं. त्यांच्याबद्दल ज्याला जे खात्रीनं माहीत असेल ते इथं लिहा. मेणबत्तीची गोष्ट मात्र नको. सरकारी मेणबत्ती आणि घरची मेणबत्ती ही गोष्ट मी चार वेगवेगळ्या थोरांच्या नावानं ऐकलीय.

मुळाकाठची:

सुंदर धागा. त्या पावतीचा नीट फोटो काढून ठेवा, दादा. अशी कागदं पुढच्या पावसाळ्यापर्यंत राहत नाहीत. मोडीतल्या दोन ओळी वाचून घेतल्यात का?

शेतकऱ्यांनी ही पद्धत लगेच मानली का? आमच्याकडे प्रवरेला अजून मोजणीचं नाव काढलं तरी लोक चिडतात.

टेलकरी:

ताई, लगेच नाही मानली. शेतकऱ्यांचा विरोध झाला, वर्तमानपत्रांतूनही टीका झाली. सरकार ऊस कमी करायला लावतंय, असंच लोकांना वाटलं असणार. आपल्यालाही तसंच वाटलं असतं. मोडी वाचणारं कुणी अजून मिळालं नाही.

सिंहगड रोड:

खडकवासल्याबद्दल मी लिहितो, कारण ते धरण माझ्या रोजच्या रस्त्यावर आहे.

तेव्हा तलावाला लेक फाइफ म्हणायचे. धरण दगडी, १८७० च्या दशकातलं. अडचण अशी की पावसाळ्यात पूर आला की सांडव्यावरून, म्हणजे जादा पाणी सोडायच्या भागावरून, काही फूट उंचीचं पाणी वाहून जायचं, आणि उन्हाळ्यात पुण्याला व खडकीच्या छावणीला पाणी कमी पडायचं. धरणाची उंची वाढवावी तर भिंतीवर ताण येतो आणि खर्च वेगळाच. विश्वेश्वरय्यांनी भिंतीला हात न लावता सांडव्यावर दारं बसवली. साठ्याची पातळी सुमारे ८ फूट वर गेली आणि साठा जवळपास २५ टक्क्यांनी वाढला.

खरी गंमत दारांच्या कामात आहे. ती उघडायला माणूस लागत नव्हता. आठ दारांचा एक गट, आणि सगळ्यांच्या साखळ्या मधल्या एका मोठ्या वजनाला जोडलेल्या. हे वजन एका विहिरीत लोंबकळतं. तलाव ठरलेल्या पातळीच्या वर गेला की जादा पाणी विहिरीत शिरतं. पाण्यात बुडालं की वजन हलकं होतं, तोल जातो, दारं उघडतात. पूर ओसरला की विहीर रिकामी होते, वजन पुन्हा भारी होऊन दारं ओढून बंद करतं. रात्री दोन वाजता पूर आला तरी चौकीदाराला उठवायला नको. विहिरीत बादली बुडाली की हाताला हलकी लागते, हे आपल्याला लहानपणापासून ठाऊक असतं. त्यातून कुणाला धरणाचं दार सुचतं!

हे १९०३चं काम. दारांचं पेटंट त्यांच्या नावावर होतं. पुढं ग्वाल्हेरच्या तिघ्रा धरणावर आणि म्हैसूरला कृष्णराजसागरावरही त्यांची स्वयंचलित दारं बसली.

आणि मग १२ जुलै १९६१. अंबी नदीवरचं पानशेत फुटलं आणि त्या लोंढ्यानं खडकवासल्याची भिंतही गेली. माझे वडील तेव्हा नारायण पेठेत राहायचे, वय वर्षं अकरा. वाड्याच्या जिन्याच्या सातव्या पायरीवर चिखलाची रेघ राहिली होती, ती आजोबांनी किती तरी वर्षं पुसू दिली नाही. विश्वेश्वरय्या त्या दिवशी हयात होते. बंगळुरात. आदल्याच वर्षी त्यांची जन्मशताब्दी साजरी झाली होती, टपाल खात्यानं तिकीट काढलं होतं. पुढच्या एप्रिलात ते गेले. आपण तरुणपणी दारं बसवलेली भिंत आपल्या हयातीतच वाहून जावी, हे शंभरी ओलांडलेल्या माणसाला काय वाटलं असेल, हा विचार मला त्या रस्त्यानं जाताना दर पावसाळ्यात येतो.

पांझरेची लेक:

खान्देशातून हजेरी! विश्वेश्वरय्यांचं नोकरीतलं पहिलं मोठं काम आमच्याकडचं आहे आणि त्याचा उल्लेख फारसा कुठे येत नाही. साक्री तालुक्यात दातर्तीजवळ पांझरेवर सायफन. पाटाचं पाणी नदी ओलांडून पलीकडे न्यायचं, तेही नदीच्या पात्राखालून नळानं. तेव्हा ते जेमतेम तेविशीचे. पावसाळा तोंडावर, नदी बेभरवशाची. काम पावसानंतर करू या, असं त्यांनी वरिष्ठांना कळवलं, तर उलट उत्तर आलं की नव्या माणसाला हे शोभत नाही. मग त्यांनी पुरातच काम उरकलं. हे त्यांनी स्वतःच्या आठवणींत लिहून ठेवलंय.

एक गोष्ट मात्र आवर्जून सांगायची आहे. पांझरेच्या खोऱ्यात त्यांच्या कितीतरी आधीपासून फड पद्धत आहे. बंधारा, त्यावरून पाट, शिवाराचे फड पाडलेले, एका फडात सगळ्यांनी एकच पीक घ्यायचं, आणि पाणी द्यायला गावानं नेमलेला पाटकरी. पीक दर वर्षी फडाफडांत फिरतं. टेलकरी दादा, तुमच्या ब्लॉकाची रचना वाचून मला आमचा फडच आठवला. त्यांनी ती कल्पना इथून उचलली असं माझं म्हणणं नाही, तसा पुरावा माझ्याजवळ नाही. पण नोकरीच्या पहिल्याच वर्षांत त्यांचे डोळे या खोऱ्यात फिरले होते, एवढं खरं.

सिंहगड रोड:

ताई, फडाची अगदी नेमकी आठवण करून दिलीत. असंच एक काम सिंधमध्ये सक्करला आहे, १८९५चं. सिंधूचं पाणी गढूळ, आणि गाळण्या बांधायला नगरपालिकेकडं पैसे नाहीत. त्यांनी नदीच्या पात्रातच विहीर खणली. वाळूतून झिरपून पाणी आपोआप स्वच्छ होऊन विहिरीत येतं, ते पंपानं टेकडीवर चढवलं. उन्हाळ्यात नदीच्या वाळूत खड्डा करून तांब्यानं पाणी भरणाऱ्या आपल्या आज्यांना हे शास्त्र ठाऊकच होतं.

बंगळूरकर कुलकर्णी:

अठ्ठावीस वर्षं बंगळुरात आहे, त्यामुळे म्हैसूरची बाजू मी मांडतो.

मुंबईची नोकरी त्यांनी १९०८च्या सुमाराला सोडली. ज्येष्ठांना ओलांडून बढत्या मिळाल्या होत्या, पण मुख्य अभियंत्याची खुर्ची हिंदी माणसाला मिळणार नाही हे त्यांनी ओळखलं होतं. त्याच वर्षी २८ सप्टेंबरला मुसी नदीच्या पुरानं हैदराबाद उद्ध्वस्त झालं, हजारो माणसं गेली. निजामानं त्यांना बोलावलं. वरच्या अंगाला दोन तलाव बांधून पूर अडवायचा, ही त्यांची योजना. उस्मानसागर १९२०ला पुरा झाला, हिमायतसागर १९२७ला. पुराचं अडवलेलं पाणीच पुढं हैदराबादनं प्यायलं. मराठवाड्यातली ज्यांची माणसं हैदराबादला शिकली, त्यांच्या घरी गंडीपेटचं पाणी हा शब्द असेल. तेच उस्मानसागर.

नोव्हेंबर १९०९मध्ये म्हैसूरचे मुख्य अभियंता, नोव्हेंबर १९१२ ते डिसेंबर १९१८ दिवाण. या सहा वर्षांत १९१३ला म्हैसूर बँक, १९१६ला म्हैसूर विद्यापीठ, त्याच वर्षी चंदनतेलाचा कारखाना, पाठोपाठ साबण, व्यापारी मंडळ, १९१७ला अभियांत्रिकी महाविद्यालय. चंदनतेलामागं साधं कारण आहे. पहिलं महायुद्ध पेटल्यावर म्हैसूरचं चंदन जर्मनीला जाणं थांबलं, लाकडाच्या थप्प्या पडून राहिल्या. मग तेल इथंच काढू, असं ठरलं.

कृष्णराजसागराचं काम १९११ला सुरू झालं. मद्रासनं आक्षेप घेतला आणि आधी ८० फुटांचीच परवानगी मिळाली. पाया मात्र पूर्ण उंचीला पेलेल असा घातला, कारण भिंत वर वाढवता येते, पाया मागाहून वाढवता येत नाही. शेवटी धरण १३० फुटांपर्यंत गेलं. सिमेंट नाही, चुना आणि सुरखी, म्हणजे भाजक्या विटांची भुकटी. आणि पैशाची बाजू बघा. शिवनसमुद्रमची वीज १९०२पासून १४७ किलोमीटर दूर कोलारच्या सोन्याच्या खाणींना जात होती. उन्हाळ्यात कावेरी आटली की वीज कमी. धरण झालं तर खाणींना बारमाही वीज, आणि विजेच्या पैशावर धरण. धरण, वीज, खाण आणि शेत एकाच खातेवहीत मांडणारा हा माणूस होता. म्हणून मी त्यांना नुसता इंजिनिअर म्हणत नाही.

पण मला सर्वांत मोठं वाटतं ते भद्रावती. लोखंडाचा कारखाना, लोणारी कोळशावर चालणारी भट्टी. १९२३ला उत्पादन सुरू झालं तोवर लोखंडाचे भाव कोसळले होते. तोट्यातला कारखाना. लोक म्हणाले, बंद करा. महाराजांनी विश्वेश्वरय्यांना अध्यक्ष केलं, आणि साठीला पोचलेला हा माजी दिवाण भट्टीचा रोजचा हिशेब बघायला बसला. कोळसा करताना लाकडातून निघणाऱ्या द्रव्यांतून स्पिरिटसारखी जोड-उत्पादनं काढून विकली. माणसं कमी केली, परदेशी तंत्रज्ञांच्या जागी इथली माणसं तयार केली. १९२९पर्यंत होते, कारखाना सावरला. मानधन त्यांनी तेव्हा घेतलं नाही. पुढं ते साठलेले पैसे देऊ केले तर म्हणाले, यातून मुलांना धंदेशिक्षण देणारी संस्था काढा. बंगळूरची जयचामराजेंद्र संस्था ती. स्वतःचं नावही त्यांनी तिला लावू दिलं नाही.

मुळाकाठची:

कुलकर्णी काका, हा प्रतिसाद खरं तर वेगळा धागा म्हणून टाका. भद्रावतीचं काहीच माहीत नव्हतं. माणसं कमी केली त्यांचं पुढं काय झालं, हे मात्र मनात राहिलं.

पंचगंगा:

सगळं वाचलं, आदर आहेच. पण एक गोष्ट इथं कुणीच लिहिली नाही, म्हणून लिहितो.

१९१८ला म्हैसूरच्या महाराजांनी मागास समाजांना नोकऱ्यांत जागा मिळाव्यात म्हणून न्यायमूर्ती मिलर यांची समिती नेमली. विश्वेश्वरय्यांना हे मान्य नव्हतं. गुणवत्ता आधी, असं त्यांचं म्हणणं, आणि याच मतभेदात त्यांनी दिवाणपद सोडलं. मी कोल्हापूरचा आहे. आमच्याकडे शाहू महाराजांनी २६ जुलै १९०२लाच मागासांसाठी निम्म्या नोकऱ्या राखण्याचा हुकूम काढला होता. विश्वेश्वरय्या त्या साली पुण्यात होते, दीडशे मैलांवर.

पाणी वरच्यानं ओढलं तर टेलला पोचत नाही, म्हणून ते मोजून वाटावं लागतं, हे त्यांना सगळ्यांच्या आधी कळलं. मग शिक्षणाचं आणि नोकरीचंही तसंच आहे, हे का कळलं नाही? टेलकरी भाऊ, तुम्ही टेलचे आहात म्हणून तुम्हालाच विचारतो. शाळेत जाणारे माझे आजोबा त्यांच्या गल्लीतले पहिले होते, आणि ते त्या हुकुमामुळं. आमच्या घरात हा विषय पुस्तकातला नाही.

बंगळूरकर कुलकर्णी:

पंचगंगा, तुमचा मुद्दा बरोबर आहे आणि मी तो माझ्या प्रतिसादात लिहायला हवा होता. तो माझ्याकडून राहून गेला, ही चूक झाली. दुसरी बाजू म्हणून नव्हे, पण त्याच चित्रातली गोष्ट म्हणून सांगतो की १९१३ला प्राथमिक शिक्षण सक्तीचं करण्याचा कायदा त्यांच्याच कारकिर्दीत झाला. शाळा सगळ्यांना दिली की पुढचं आपोआप होईल, असा त्यांचा विश्वास असावा. तो पुरा पडला नाही. मिलर समितीच्या शिफारशींवर म्हैसूरनं पुढं अंमल केला, ते गेल्यावर.

टेलकरी:

पंचगंगा भाऊ, तुमचा प्रतिसाद परवा वाचला आणि दोन दिवस उत्तर सुचलं नाही.

तुमचं म्हणणं मला पटतं. 'लायक असेल त्याला मिळेल' हे टेलच्या माणसाला सांगून उपयोग नसतो. माझं रान वरच्या रानापेक्षा वाईट म्हणून ऊस येत नाही असं नाही, पाणी येत नाही म्हणून येत नाही. त्यांनी पाण्यात जे पाहिलं ते माणसांत पाहिलं नाही. एवढ्या मोठ्या नजरेला हे दिसलं नाही याचं मला वाईट वाटतं, आणि तरी ब्लॉकाबद्दलची माझी कृतज्ञता कमी होत नाही. दोन्ही आहे तसंच ठेवतो.

ऑरेंज सिटी:

नागपूरच्या व्हीआरसीई या इंजिनिअरिंग कॉलेजचा माजी विद्यार्थी. व्ही म्हणजे विश्वेश्वरय्या, संस्था १९६०ची, आता व्हीएनआयटी. चार वर्षं ते नाव छातीवर लावून फिरलो, पण नीरेचं आणि भद्रावतीचं कुणी शिकवलं नाही. थिअरी ऑफ स्ट्रक्चर्स मात्र भरपूर. मनापासून धन्यवाद.

सिंहगड रोड:

मुंबईचाही एक धागा आहे. १९३५ला ते युरोप-अमेरिकेत मोटार कारखाने बघून आले आणि हिंदुस्थानात मोटार बनवायची योजना मांडली. वालचंद हिराचंद ती घेऊन झटत होते, सोलापूरचे. सरकारनं साथ दिली नाही, मग दुसरं महायुद्ध आलं. तरी १९४४ला प्रीमियर ऑटोमोबाइल्स उभी राहिलीच. १९४१ला कारखानदारांची अखिल भारतीय संघटना निघाली तिचे ते अध्यक्ष. तेव्हा त्यांनी ऐंशी गाठली होती.

चारी नंबर नऊ:

पाटबंधाऱ्यात कालवा निरीक्षक होतो, आता निवृत्त. थोडं कामाचं लिहितो.

ब्लॉक मंजुरी माझ्या नोकरीतही होती. शेतकरी नमुना सातचा, म्हणजे पाणीमागणीचा अर्ज भरायचा, आम्ही शेजपाळीचा, म्हणजे कुणाची पाळी कधी त्याचा तक्ता लावायचो. नियमानं पाणी टेलकडून वर द्यायचं, आधी शेवटचा, मग त्याच्या वरचा. कागदावर. रात्री चारीवर, म्हणजे कालव्याच्या फाट्यावर, काय होतं ते सगळ्यांना माहीत आहे, त्यात मी जात नाही. पण ज्या चारीवर मोजपट्टी लावलेली फ्ल्यूम, म्हणजे पाणी मोजायचा पक्का अरुंद भाग, होती आणि लोकांना ती वाचता यायची, तिथं भांडणं कमी व्हायची, हे मी स्वतः पाहिलं. आकडा समोर असला की वरचा माणूस निदान उत्तर तरी देतो.

२००५च्या कायद्यानं आता पाणीवापर संस्थांना पाणी घनमापानं, मोजून द्यायचं आहे. म्हणजे विश्वेश्वरय्यांनी पुण्यात जे सुरू केलं त्याचंच पुढचं पाऊल. टेलकरी, तुमच्या चारीवर संस्था आहे का? फ्ल्यूम शाबूत आहे का?

टेलकरी:

साहेब, संस्था आहे, कागदावर. फ्ल्यूम आहे, पण पट्टी गेलेली. तीन अर्ज केले, कुणी आलं नाही. तुमचा प्रतिसाद वाचून काल चुलतभाऊ आणि मी खाली उतरलो, फ्ल्यूममधला गाळ खोऱ्यानं काढला. तळ सपाट आहे, भिंती धड आहेत. पट्टी आम्हीच रंगवली तर चालेल का? शून्य कुठून धरायचं तेवढं सांगा.

चारी नंबर नऊ:

चालेल. शून्य फ्ल्यूमच्या तळाच्या पातळीवर धरा, चारीच्या तळावर नाही, तिथं गाळ साचतो. तळाची पातळी ओळंब्यानं आणि पाण्याच्या नळीनं भिंतीवर आणा. पट्टी वरच्या बाजूला, पाणी शांत असतं तिथं. सेंटीमीटरच्या खुणा काळ्या, दर दहाला लाल. ऑइलपेंट घ्या, डिस्टेंपर पहिल्याच पाळीत जाईल. फ्ल्यूमचं माप कळवा, किती उंचीला किती पाणी तो तक्ता मी हातानं लिहून पाठवतो.

टेलकरी:

फ्ल्यूमचा घसा, म्हणजे अरुंद भाग, ३० सेंटीमीटर भरला. पाळी गुरुवारी सुटतेय, बुधवारपर्यंत रंग वाळला पाहिजे. आणि मुळाकाठची ताई, मोडी वाचून मिळाली. पहिल्या ओळीत पणजोबांचं नाव आणि गाव. दुसरीत फक्त एवढंच: पाणी वेळेवर पावले.